झाओ दान : समाजवादी चीनच्या देशभक्तीपर सिनेमातला एक नट

तिसरीघंटा

1959 साली चिनी प्रजासत्ताकाला दहा वर्षे पूर्ण झाली. त्या वर्षी शांघायच्या हाययान चित्रसंस्थेने काढलेल्या दोन मोठ्या चरित्रपटांत मुख्य भूमिका एकाच नटाची होती आणि दोन्हींच्या दिग्दर्शनात झेंग जुनली हे एकच नाव होते. एकात हा नट कँटनला अफूचा बंदोबस्त करण्यासाठी गेलेला, पन्नाशी ओलांडलेला बादशाही आयुक्त लिन झेशू आहे. दुसऱ्यात तो न्ये अर आहे, म्हणजे वयाच्या तेविसाव्या वर्षी जपानच्या समुद्रात बुडून मरण पावलेला तो संगीतकार, ज्याने लावलेली चाल आज चीनच्या राष्ट्रगीताची चाल आहे. दोन्ही भूमिका करणारे झाओ दान त्या वेळी 44 वर्षांचे होते. एका माणसाने एकाच वर्षात स्वतःपेक्षा दहा वर्षांनी मोठा आणि वीस वर्षांनी लहान माणूस पडद्यावर उभा करावा आणि दोघेही खरे वाटावेत, ही गोष्ट कोणत्याही देशाच्या चित्रपट इतिहासात नोंद घेण्याजोगी आहे. तरीही हे नाव आपल्याकडे फारसे कोणाला ठाऊक नाही, म्हणून हा धागा.

माओंच्या काळातला चिनी सिनेमा म्हटला की प्रचारपट आणि प्रचारपट म्हटला की अभिनयाचा अभाव, असा एक हिशेब आपण मनाशी करून ठेवलेला असतो. झाओ दान यांची कारकीर्द पाहिली तर हा हिशेब जुळत नाही. माझे म्हणणे असे आहे की त्यांच्या देशभक्तीपर भूमिकांमागचा नट 1949 नंतरच्या राजवटीने घडवलेला नव्हता. तो 1930च्या दशकातल्या शांघायने घडवला. राजवटीने त्याचा उपयोग करून घेतला, त्याला मान दिला आणि जिथे तो तिच्या मापात बसेना तिथे त्याच्या हातातल्या भूमिका काढून घेतल्या.

त्यांचा जन्म 1915चा, जिआंगसू प्रांतातल्या यांगझोउचा, पण बालपण गेले नानतोंग या शहरात. तिथे वडिलांचे नाट्यगृह होते, त्यामुळे नाटक घरातच होते. पुढे शांघायच्या कलाशाळेत ते चिनी पद्धतीची चित्रकला शिकायला गेले, तिथे डाव्या विचारांच्या नाट्यमंडळांत ओढले गेले आणि 1930च्या दशकाच्या सुरुवातीला मिंगशिंग कंपनीत चित्रपटनट झाले. 1937 साली, जपानने पूर्ण युद्ध सुरू करण्याच्या थोडेसे आधी, त्यांचे दोन चित्रपट आले : शेन शीलिंग यांचा ‘चौरस्ता’ आणि युआन मूझ यांचा ‘रस्त्यावरचा देवदूत’. दुसऱ्यात ते बँडमध्ये तुतारी वाजवणारा एक गरीब, उत्साही तरुण आहेत, आणि समोरच्या घरात राहणारी गायिका आहे झोउ श्वान. गल्लीच्या दोन बाजूंच्या दोन खिडक्यांमध्ये त्या दोघांचे जे काही चालते, त्यात बोलणे थोडे आणि हावभाव फार आहेत. मूकपटाच्या काळातून नुकताच बाहेर पडलेला नट आपले शरीर किती सहज वापरतो, हे तिथे दिसते. चित्रपट हसवतो, पण ही मुलगी जपानने गिळलेल्या ईशान्य चीनमधून विस्थापित होऊन आलेली आहे आणि तिच्या गाण्यात ते दुःख आहे. देशभक्ती त्या वेळी सरकारी विषय नव्हता. उलट सेन्सॉरच्या नजरेतून सुटण्यासाठी तो असा गाण्यात आणि हसण्यात लपवावा लागत होता.

युद्ध सुरू झाल्यावर ते प्रबोधनपर नाटके करणाऱ्या फिरत्या पथकाबरोबर आतल्या प्रांतांत गेले. 1939 साली काही सहकाऱ्यांसह त्यांनी शिनजियांगची वाट धरली. तिथला लष्करी सत्ताधीश शेंग शिचाय स्वतःला पुरोगामी म्हणवत असे, आणि सीमेवरच्या त्या प्रांतात नवे रंगमंदिर उभारता येईल अशी या तरुणांना आशा होती. शेंगने लवकरच रंग बदलला. 1940 साली झाओ दान तुरुंगात गेले आणि शेंगची सत्ता गेल्यावर, 1945 साली सुटले. दरम्यान ते मारले गेल्याची बातमी पसरली होती. पत्नी ये लुशी हिने, पती हयात नाही असे समजून, दुसरे लग्न केले होते. तिशीच्या उंबरठ्यावरचा हा माणूस शांघायला परतला तेव्हा त्याला घर, संसार आणि व्यवसाय, सगळेच पुन्हा उभे करावे लागले. 1948 साली त्यांनी अभिनेत्री हुआंग झोंगयिंग यांच्याशी विवाह केला.

शांघायमधल्या पहिल्या पर्वाचा कळस म्हणजे कुनलुन कंपनीचा ‘कावळे आणि चिमण्या’. कुओमिंतांगच्या, म्हणजे कम्युनिस्टांच्या आधी सत्तेवर असलेल्या राष्ट्रवादी पक्षाच्या राजवटीत हा चित्रपट सुरू झाला, मध्येच बंद पडला आणि मे 1949 मध्ये शांघाय कम्युनिस्टांच्या हाती आल्यावर पूर्ण झाला. एका घरातले भाडेकरू आणि त्यांना हुसकावू पाहणारा भ्रष्ट अधिकारी अशी गोष्ट आहे. झाओ दान त्यात परदेशी माल विकणाऱ्या एका बडबड्या फेरीवाल्याचे काम करतात. महागाईत सोने घेऊन श्रीमंत होण्याचे त्याचे स्वप्न, त्याची बढाई आणि नंतरची त्याची झालेली दैना हे सर्व त्यांनी इतक्या प्रेमाने रंगवले आहे की लोभी असूनही तो माणूस आपलासा वाटतो. हा गुण, म्हणजे माणसाच्या उणिवांवर प्रेम करण्याचा गुण, पुढच्या काळात त्यांना फार महाग पडला असे मला वाटते.

कंदील

अतिशय मोलाची माहिती आहे. लेखात 1949 ते 1959 यांमधली वर्षे राहून गेली आहेत. त्या मधल्या काळात ‘वू शुनचे चरित्र’ या चित्रपटावरून मोठा गदारोळ झाल्याचे मी वाचले आहे, आणि त्याचे नायक झाओ दान हेच होते. एका भिकाऱ्याने शाळा काढल्याची गोष्ट सत्ताधाऱ्यांना एवढी का झोंबली असावी? आणि त्यानंतर त्यांनी केलेल्या देशभक्तांच्या भूमिका हे एक प्रकारचे प्रायश्चित्त होते का?

तिसरीघंटा

कंदील, तुमच्या प्रश्नातच या कारकिर्दीचा कणा आहे, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

वू शुन (1838 ते 1896) हा शांदोंग प्रांतातला निरक्षर माणूस. त्याने आयुष्यभर भीक मागितली, पैसा साठवला, व्याजाने लावला आणि गरिबांच्या मुलांसाठी फुकट शाळा काढल्या. दिग्दर्शक सुन यू यांनी या विषयावरचे काम 1949 पूर्वीच सुरू केले होते. कुनलुनने ते हाती घेतले, नव्या राजवटीला रुचेल अशी चौकट कथेला जोडली (हुआंग झोंगयिंग त्यात शिक्षिका होऊन मुलांना ही गोष्ट सांगतात) आणि चित्रपट 1950च्या अखेरीस पुरा झाला. झाओ दान यांनी वू शुन तरुणपणापासून म्हातारपणापर्यंत साकारला. पैशांच्या मोबदल्यात लोकांच्या लाथाबुक्क्या खाणारा, प्रत्येकापुढे गुडघे टेकणारा आणि तरीही मनातला एकच हट्ट न सोडणारा हा माणूस आहे. सुरुवातीला वृत्तपत्रांतून स्तुतीचे लेखच लेख आले.

20 मे 1951 रोजी पक्षाचे मुखपत्र असलेल्या ‘पीपल्स डेली’त अग्रलेख आला. त्याचा मुख्य मजकूर माओंचा होता. आक्षेप असा की जमीनदारांपुढे गुडघे टेकून शाळा मागणाऱ्या माणसाला थोर ठरवणे म्हणजे शेतकऱ्यांच्या क्रांतिकारी लढ्याची निंदा करणे होय. स्तुती करणाऱ्या लेखांची आणि लेखकांची यादीच अग्रलेखात दिली होती, त्यामुळे कोणालाही नामानिराळे राहता आले नाही. पाठोपाठ एक चौकशी पथक शांदोंगला गेले. त्यात टोपणनावाने सामील असलेल्या एक बाई म्हणजे माओंच्या पत्नी च्यांग चिंग होत्या. शांघायच्या सांस्कृतिक क्षेत्राची जबाबदारी असलेले श्या यान आणि दिग्दर्शक सुन यू यांना जाहीर आत्मपरीक्षण लिहावे लागले. नव्या चीनमध्ये एखाद्या चित्रपटाविरुद्ध देशव्यापी मोहीम निघण्याची ही पहिली वेळ होती. तिचा परिणाम एका चित्रपटापुरता राहिला नाही. खासगी चित्रसंस्थांचे दिवस त्यानंतर संपले आणि चित्रपटांची संख्या घसरली, कारण काय लिहिले तर चालेल हे कोणालाच कळेना. त्याच वर्षी झाओ दान यांचा ‘आम्ही नवराबायको’ हाही चित्रपट टीकेच्या तडाख्यात सापडला. तिथे आक्षेप असा होता की शहरी बुद्धिजीवी नवरा आणि क्रांतीतून आलेली शेतकरी बायको यांच्यातला फरक दाखवताना बायकोला कमी लेखले आहे.

आता प्रायश्चित्ताविषयी. मला तो शब्द योग्य वाटत नाही. 1942 साली माओंनी येनान या कम्युनिस्टांच्या तळावर दिलेल्या भाषणांपासून धोरण ठरलेले होते की कलेचे नायक कामगार, शेतकरी आणि सैनिक असावेत. शांघायच्या चित्रशाळेतून आलेल्या, शहरी आणि किंचित मिश्कील चेहऱ्याच्या या नटाला अशा भूमिका सहज मिळण्यासारख्या नव्हत्या. ऐतिहासिक देशभक्तांच्या चरित्रात मात्र विद्वान, अधिकारी, वैद्य, कलावंत असे नायक चालत असत, कारण इतिहासाची मान्यता त्यांच्यामागे होती. झाओ दान यांना काम करायला मिळाले ते या दारातून. 1956 साली त्यांनी ‘ली शिझेन’ केला, म्हणजे सोळाव्या शतकातल्या त्या वैद्याचे चरित्र, ज्याने औषधी द्रव्यांचा महाकोश लिहिण्यात आयुष्य घालवले. मला त्यात वू शुनच दिसतो : एकाच कामाचा ध्यास घेतलेला, दरबाराच्या उपेक्षेने न खचणारा, डोंगरदऱ्यांतून हिंडत म्हातारा होत जाणारा माणूस. जी भूमिका त्यांच्याकडून हिरावली गेली होती, ती त्यांनी मान्यताप्राप्त पोशाखात पुन्हा केली. 1957 साली ‘समुद्राचा आत्मा’ आला, त्यात ते कुओमिंतांगच्या आरमारातून बंड करून उठणारे खलाशी आहेत. त्याच वर्षी ते कम्युनिस्ट पक्षाचे सभासद झाले.

नदीकाठ

लिन झेशूचा उल्लेख आला आहे, तर त्या चित्रपटाची जी बाजू आपल्या प्रदेशाशी थेट जोडलेली आहे ती इथे मांडतो. 1839च्या जूनमध्ये हूमेन येथे लिन झेशूने परदेशी व्यापाऱ्यांकडून ताब्यात घेतलेल्या अफूच्या वीस हजारांहून अधिक पेट्या नष्ट केल्या. खणलेल्या हौदांत पाणी, मीठ आणि चुनखडी घालून ती अफू विरघळवली आणि समुद्रात सोडून दिली. ही अफू आली कुठून? काही बंगालमधून, जिथे ईस्ट इंडिया कंपनीची मक्तेदारी होती, आणि काही माळव्यातून. माळव्याची अफू म्हणजे होळकर, शिंदे, धार, देवास या संस्थानांच्या मुलखात पिकलेली अफू. ती बैलांवर आणि उंटांवर लादून मुंबई बंदरात येत असे आणि कंपनी परवान्याचे शुल्क घेऊन तिला वाट देत असे. 1830च्या दशकात माळव्याचा माल बंगालच्या तोडीस तोड झाला होता. मुंबईतले नामांकित दानशूर व्यापारी सर जमशेटजी जीजीभॉय यांच्या संपत्तीतला मोठा वाटा कँटनच्या याच व्यापारातला होता, आणि तिथले त्यांचे भागीदार होते जार्डिन मॅथेसन ही ब्रिटिश व्यापारी पेढी.

त्यामुळे चित्रपटात हूमेनचा प्रसंग पाहताना चिनी प्रेक्षकाला जे वाटते, त्याहून वेगळे काही आपल्याला वाटायला हवे. त्या पेट्यांमध्ये मराठी संस्थानिकांच्या शेतसाऱ्याचा आणि मुंबईच्या भरभराटीचा अंश होता. हा दुवा आपल्या शालेय इतिहासात फारसा येत नाही याची मला खंत वाटते.

तिसरीघंटा

नदीकाठ, मनापासून आभार. हा संदर्भ माहीत असला की चित्रपटाचे वजन वाढते.

आता त्याच चित्रपटातल्या अभिनयाविषयी, कारण तो माझ्या मते झाओ दान यांच्या कारकिर्दीचा सर्वोच्च बिंदू आहे. देशभक्त अधिकाऱ्याची भूमिका म्हणजे गर्जना, हे कोणत्याही देशातल्या चरित्रपटाचे सोपे सूत्र असते. झाओ दान यांनी लिन झेशू उभा केला तो आवरून धरलेल्या रागावर. खऱ्या लिन झेशूने आपल्या दालनात ‘रागाला आवर’ अशा अर्थाची दोन अक्षरे लिहून लावलेली होती असे सांगतात, आणि चित्रपटात त्यांचा वापर आहे : संतापाच्या भरात तो चहाचा पेला आपटून फोडतो, नजर वर जाते, ती अक्षरे दिसतात आणि तो स्वतःला सावरतो. काही क्षणांचा हा प्रसंग चीनमध्ये आजही सांगितला जातो. आपल्या भावनेवर आपलीच पकड ठेवणारा माणूस रागावलेल्या माणसापेक्षा अधिक धोकादायक असतो, हे त्या एका नजरेत कळते.

दुसरा प्रसंग निरोपाचा. सहकारी आणि मित्र देंग तिंगझेन बदली होऊन नावेने जातो. लिन झेशू किनाऱ्यावर उभा राहतो, मग नाव दिसावी म्हणून उंचावर चढतो, आणखी उंचावर चढतो. पाठमोरा नट आणि लांब जाणारे शीड, एवढेच पडद्यावर आहे. झेंग जुनली यांनी नंतर लिहिले आहे की या प्रसंगाची रचना त्यांना ली बाय या थांगकालीन कवीच्या, मित्राची नाव क्षितिजापलीकडे जाईपर्यंत पाहत राहणाऱ्या कवितेवरून सुचली. इथे झाओ दान यांचे चित्रकलेचे शिक्षणही उपयोगी पडले असावे, कारण जुन्या चिनी चित्रांत माणूस निसर्गात जेवढी जागा व्यापतो तेवढीच ते व्यापतात. झेंग जुनली स्वतः 1930च्या दशकातले नट होते आणि स्तानिस्लावस्कीचा अभिनयावरचा मुख्य ग्रंथ त्यांनी सहकाऱ्यासोबत चिनी भाषेत आणला होता. एका बाजूला हे रशियन शास्त्र, दुसऱ्या बाजूला पारंपरिक चिनी रंगभूमीची चाल, बाही आणि नजर, यांचा मेळ झाओ दान यांच्या लिन झेशूत आहे. तो चालतो तेव्हा दरबारी अधिकाऱ्याचा संथपणा जाणवतो, पण विचार करतो तेव्हा तो आजच्या काळातल्या माणसासारखा विचार करतो.

शेवटाविषयी मात्र माझी तक्रार आहे. लिन झेशू पदच्युत झाल्यावर चित्रपट कँटनजवळच्या सानयुआनलीच्या गावकऱ्यांच्या इंग्रजांविरुद्धच्या उठावाकडे वळतो, कारण इतिहास घडवतात ते सामान्य लोक, हे सांगणे तेव्हा सक्तीचे होते. उठाव खराच झाला होता, पण नायकाची शोकांतिका त्यात अर्धी राहते. खऱ्या लिन झेशूला पुढे शिनजियांगमधल्या इलीला हद्दपार करण्यात आले. त्याच प्रांताच्या तुरुंगात झाओ दान यांनी आपल्या तारुण्याची वर्षे घालवली होती. पदच्युतीनंतरच्या प्रसंगांत त्यांच्या चेहऱ्यावर जो थकवा आणि जी समजूत दिसते, ती कोणत्याही अभिनयशास्त्रातून आलेली नाही, असे माझे मत आहे.

जुनीपाने

धागा मन लावून वाचत आहे. तरी एका बाबतीत माझा मतभेद नोंदवते. तुम्ही झाओ दान यांच्या सर्व देशभक्तीपर भूमिका एकाच मापाने मोजत आहात. ‘लिन झेशू’ आणि ‘न्ये अर’ यांविषयी तुमच्याशी मी सहमत आहे. ‘न्ये अर’ला तर 1960 साली कार्लोव्ही व्हारी महोत्सवात चरित्रपटाचा पुरस्कारही मिळाला, आणि झाओ दान हे न्ये अरचे तरुणपणचे मित्र असल्यामुळे त्या भूमिकेत ओळखीची ऊब आहे. पण 1965 सालचा ‘ज्वाळांतले अमरत्व’ पाहताना मला तसे वाटत नाही. त्यात ते चोंगचिंगमधले भूमिगत कम्युनिस्ट कार्यकर्ते शू युनफेंग आहेत. कुओमिंतांगच्या कैदेत छळ सोसून, शहर मुक्त होण्याच्या तोंडावर हुतात्मा होणारा हा नायक आहे. मूळ कादंबरी ‘लाल कडा’ चीनमध्ये घरोघरी वाचली गेली होती आणि तिच्या नायकाला कोणताही दोष चालणार नव्हता. माझ्या मते त्या चित्रपटात सर्वात जास्त लक्षात राहते ती यू लान यांनी केलेली जिआंगताई, झाओ दान नव्हेत. निर्दोष माणूस साकारणे हे त्यांचे बलस्थान नव्हतेच.

याचे कारण मला त्यांच्या घडणीत दिसते. त्या काळच्या चिनी सिनेमात नटांचे दोन प्रवाह होते. एक शांघायचा आणि दुसरा येनान व मुक्त, म्हणजे कम्युनिस्टांच्या ताब्यातल्या, प्रदेशांतल्या नाट्यपथकांचा. दुसऱ्या प्रवाहातल्या नटांना क्रांतीची भाषा बोलताना सूर शोधावा लागत नसे. चेन चियांग यांचेच उदाहरण पाहा. ‘पांढऱ्या केसांची मुलगी’ या नाटकात ते दुष्ट जमीनदार होत, आणि प्रेक्षकांतल्या एका सैनिकाने रागाने त्यांच्यावर बंदूक रोखल्याची हकीकत प्रसिद्ध आहे. 1950च्या चित्रपटात तीच भूमिका त्यांनी केली आणि 1961च्या ‘महिलांची लाल तुकडी’मध्येही ते खलनायक होते. ‘पांढऱ्या केसांची मुलगी’ चित्रपटाच्या नायिका थ्यान हुआ या तर खेड्यातूनच सैन्याच्या कलापथकात आल्या होत्या. या मंडळींचा अभिनय सरळ रेषेचा आहे, पण त्या सिनेमाला तीच रेषा हवी होती. झाओ दान यांची रेषा वळणावळणाची होती.

तिसरीघंटा

जुनीपाने, तुमचा प्रवाहांचा मुद्दा मला पटतो आणि तो माझ्या मूळ म्हणण्याला बळच देतो. शू युनफेंगविषयी मात्र मी थोडा वेगळा विचार करतो. त्या भूमिकेत उणिवा दाखवायला जागा नव्हती हे खरे. पण तुरुंगातले त्यांचे प्रसंग पुन्हा पाहावेत अशी माझी विनंती आहे. बेड्या घातलेला माणूस कसा उठतो, कसा वळतो, वेदना कुठे साठवतो, याचे तपशील त्यांनी अत्यंत काटकसरीने दिले आहेत. चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्यासमोर ते आवाज चढवत नाहीत. उलट तिथे एक प्रकारची प्रसन्न बेफिकिरी आहे, जी संवादांत लिहिलेली नाही. पाच वर्षे कैदेत काढलेल्या माणसाला हे ठाऊक होते की तुरुंगात भाषणे देऊन दिवस निघत नाहीत.

1962 साली देशभरातल्या चित्रपटगृहांत बावीस चिनी कलावंतांची छायाचित्रे लावण्यात आली. पूर्वी तिथे सोव्हिएत ताऱ्यांची असत. त्या बाविसांत झाओ दान होते, चेन चियांग, थ्यान हुआ, यू लान हेही होते. म्हणजे दोन्ही प्रवाहांना तेव्हा एकाच भिंतीवर जागा होती. चार वर्षांत, 1966 साली माओंची सांस्कृतिक क्रांती सुरू झाली आणि ती भिंत रिकामी झाली.

कंदील

इथे मला च्यांग चिंग यांचा विषय पुन्हा काढावासा वाटतो. त्या स्वतः 1930च्या दशकात शांघायमध्ये नटी होत्या. झाओ दान आणि त्यांची ओळख होती का? आणि सांस्कृतिक क्रांतीत त्यांना जे भोगावे लागले त्याचा त्या ओळखीशी संबंध होता का?

जुनीपाने

होय, आणि तो संबंध सरळ होता. 1935 साली शांघायमध्ये इब्सेनच्या ‘बाहुलीचे घर’चा प्रयोग झाला. नोरा होती लान पिंग, म्हणजेच पुढच्या च्यांग चिंग, आणि तिचा नवरा हेल्मर होते झाओ दान. पुढच्या वर्षी हांगझोउच्या लिउहे पॅगोडाजवळ तीन जोडप्यांचा एकत्र विवाह झाला : झाओ दान आणि ये लुशी, लान पिंग आणि समीक्षक थांग ना, नट गू अरयी आणि दू श्याओज्वान. झेंग जुनली या सगळ्या मंडळींचे निकटचे स्नेही होते. लान पिंग पुढे येनानला गेल्या आणि माओंच्या पत्नी झाल्या. शांघायच्या त्या दिवसांची आठवण, पत्रे आणि छायाचित्रे ज्यांच्याजवळ होती ती माणसे त्यांना तेव्हापासून नकोशी झाली.

ऑक्टोबर 1966 मध्ये शांघायमध्ये एका रात्री झाओ दान, झेंग जुनली, गू अरयी आदींच्या घरांवर रेड गार्डांच्या, म्हणजे माओंच्या तरुण समर्थकांच्या, वेशातल्या लोकांनी छापे घातले आणि जुने कागद उचलून नेले. पुढे 1980-81च्या खटल्यात हा प्रकार च्यांग चिंग यांच्यावरील आरोपांत होता आणि झेंग जुनली यांच्या पत्नीने न्यायालयात साक्ष दिली. झेंग जुनली 1969 साली कैदेत मरण पावले. गू अरयी यांनी 1970 साली जीवन संपवले. ‘कावळे आणि चिमण्या’मध्ये झाओ दान यांच्यासोबत असलेल्या शांगग्वान युनझू यांनीही 1968 साली तेच केले. झाओ दान 1967च्या अखेरीस तुरुंगात गेले आणि 1973 साली सुटले. पहिला तुरुंगवास युद्धखोर सत्ताधीशाने दिला होता. दुसरा दिला तो ज्या राजवटीसाठी त्यांनी लिन झेशू आणि शू युनफेंग उभे केले त्या राजवटीने. या घटना लिहिताना माझा हात जड होतो, कारण यातली प्रत्येक व्यक्ती पडद्यावर हसताना मी पाहिलेली आहे.

नदीकाठ

1973 ला सुटल्यावर त्यांनी पुन्हा काम केले का? वय तर 58 होते. चरित्र भूमिका करणाऱ्या नटाची ती उमेदीचीच वर्षे म्हणायला हवीत.

तिसरीघंटा

नाही. 1965 नंतर झाओ दान पडद्यावर आले नाहीत आणि या संपूर्ण विषयातली मला सर्वाधिक अस्वस्थ करणारी गोष्ट हीच आहे. 1949 पासून 1965 पर्यंतच्या सोळा वर्षांत त्यांच्या वाट्याला मोजकेच चित्रपट आले, आणि त्याहून मोठी यादी न झालेल्या भूमिकांची आहे.

तीत पहिले नाव लू शुन यांचे. 1960च्या सुमारास या लेखकाच्या चरित्रपटाची तयारी जोरात सुरू झाली होती. चेन लीथिंग दिग्दर्शन करणार होते आणि लू शुन होणार होते झाओ दान. त्यांनी चेहऱ्याची, बसण्या-उठण्याची, सिगारेट धरण्याची तयारी केली, खोलीची मांडणीसुद्धा लू शुन यांच्यासारखी केली असे सांगतात. पटकथेचे खर्डे पुन्हा पुन्हा झाले, वरून सूचना येत राहिल्या आणि चित्रपट उभा राहिलाच नाही. नंतर पंतप्रधान चाउ एन लाय यांची भूमिका. सांस्कृतिक क्रांती संपल्यावर ‘महानदीचा प्रवाह’ या चित्रपटासाठी त्यांची रंगभूषेसह चाचणी झाली. छायाचित्रांत साम्य थक्क करणारे आहे. तीही भूमिका त्यांना करू दिली गेली नाही. कवी ली बाय आणि वेन यिदुओ यांच्या भूमिकांची इच्छाही मनातच राहिली. अखेरच्या वर्षांत त्यांनी चित्रे काढली, आणि पडद्यावरच्या व्यक्तिरेखा घडवण्याविषयी व स्वतःच्या अभिनयप्रवासाविषयी दोन पुस्तके लिहिली.

1980 साली त्यांना स्वादुपिंडाचा कर्करोग असल्याचे निष्पन्न झाले. 8 ऑक्टोबर 1980 रोजी, ज्या ‘पीपल्स डेली’ने एकोणतीस वर्षांपूर्वी वू शुनचा निकाल लावला होता, त्याच पत्रात त्यांचा लेख छापून आला. सत्तेने कलेच्या बारीकसारीक तपशिलांत हात घातला तर कलेला आशा उरत नाही, असे त्याचे सार होते. शेती कशी करावी हे शेतकऱ्याला आणि अभिनय कसा करावा हे नटाला पक्षाने शिकवण्याचे कारण नाही, असे त्यांनी लिहिले, आणि आता आपल्याला भिण्यासारखे काही उरलेले नाही, अशा अर्थाचे वाक्यही त्यात होते. 10 ऑक्टोबरला बीजिंगमध्ये त्यांचे निधन झाले. ज्येष्ठ लेखक बा जिन यांनी आपल्या निबंधांत या लेखाचे जाहीर समर्थन केले, पण अधिकाऱ्यांच्या वर्तुळात तो अनेकांना रुचला नाही. वू शुनवरची टीका एकांगी, टोकाची आणि ओबडधोबड होती हे पक्षाच्या बाजूने हू चियाओमू यांनी 1985 साली मान्य केले, म्हणजे नायक गेल्यावर पाच वर्षांनी.

नदीकाठ

ज्यांनी यातले काहीच पाहिलेले नाही त्यांनी कुठून सुरुवात करावी?

तिसरीघंटा

काळाच्या क्रमाने पाहू नये, असे मी सुचवेन. आधी ‘लिन झेशू’ पाहावा, कारण अफूयुद्धाची पार्श्वभूमी आपल्याला ठाऊक असते आणि नदीकाठ यांनी दिलेली माळव्याची माहिती हाताशी असेल. त्यानंतर ‘रस्त्यावरचा देवदूत’ पाहावा. इंग्रजी उपशीर्षकांसह तो मिळतो. आयुक्ताच्या संथ चालीनंतर तुतारीवाल्याची चपळाई पाहिली की हा एकच नट आहे यावर विश्वास बसायला वेळ लागतो. तिसरा ‘कावळे आणि चिमण्या’. मग ‘न्ये अर’ आणि ‘ज्वाळांतले अमरत्व’, आणि या शेवटच्या चित्रपटात जुनीपाने यांचे मत व माझे मत दोन्ही लक्षात ठेवून तुरुंगातले प्रसंग तपासावेत. ‘वू शुनचे चरित्र’ सर्वांत शेवटी ठेवावा. तो लांबलचक आहे आणि शिक्षिकेच्या तोंडून येणारी चौकट उपरी वाटते. पण लाथ खाऊन उठणाऱ्या त्या भिकाऱ्याच्या चेहऱ्याकडे नीट लक्ष द्यावे, कारण ली शिझेन, लिन झेशू आणि शू युनफेंग या तिघांचेही मूळ मला तिथे सापडले. ज्यांनी तो पाहिला असेल त्यांनी आपले मत इथे अवश्य लिहावे, विशेषतः झाओ दान यांनी म्हातारा वू शुन जसा केला आहे त्याविषयी.